एकशेविसावी फरशी

बँकेतल्या बाईंनी संगणकाचा पडदा त्याच्याकडे वळवला, तेव्हा त्याने आधी आकड्याकडे न बघता बाईंच्या दाताकडे बघितलं. वरचा, पुढचा, डावीकडचा. कोपरा उडालेला. खोडच ती, तिला इलाज नव्हता. माणसांचे चेहरे तो विसरायचा, नावं तर ऐकता ऐकताच सांडायची, पण एकदा बघितलेला दात जन्मभर लक्षात राहायचा. सव्वीस वर्षं तो कवळ्या करत होता. दवाखान्यांतून लोकांच्या तोंडांचे ठसे यायचे, त्यांत तो प्लास्टर ओतायचा, मेणात एकेक दात उभा करायचा, घासायचा, चकाकी आणायचा, आणि ज्या तोंडात ते दात जाणार ते तोंड त्याला कधीच दिसायचं नाही. दात कोरून पोट भरत नाही, असं लोक त्याला हटकून ऐकवायचे. तो म्हणायचा, कोरून नसेल भरत, करून भरतं. आणि भरलंही होतं. संसार झाला होता, आणि आज दहा वर्षांनी अर्धं घर झालं होतं. त्या अर्ध्या घराचंच काम घेऊन, सुवाच्य अक्षरात अर्ज लिहून, लॅबमधून दोन तासांची सुट्टी काढून तो इथे बसला होता.

"काका, बघताय ना?" बाई म्हणाल्या. त्यांना सर्दी झाली होती, त्यामुळे 'काका' हा शब्द जरा जास्तच मायेने बाहेर आला. पडद्यावर हिरव्या पट्टीत लिहिलं होतं, उरलेले हप्ते : १६२.

"हे दुसऱ्या कोणाचं तरी आहे," तो म्हणाला. "माझे एकशेवीस उरलेत. दोनशे चाळीसमधले एकशेवीस. आजचा धरून अर्धे झाले. म्हणून तर अर्ज दिलाय, की अर्धं कर्ज फिटलं, तेव्हा हप्ताही अर्धा करून द्यावा."

बाईंनी अर्ज पुन्हा वाचला. वाचताना त्यांच्या ओठांवर जे आलं ते हसू नव्हतं, बरीच वर्षं एकाच खिडकीत बसणाऱ्या माणसाला येतो तो थकवा होता. "तीस लाख घेतले होते तुम्ही. आज तेवीस लाख चाळीस हजार बाकी आहेत."

"आणि दहा वर्षं भरतोय ते? सव्वीस हजार, दर महिन्याला. एकदाही चुकवला नाही."

"नाहीच चुकवलात. एकतीस लाखांच्या वर भरलेत तुम्ही. पण सुरुवातीची वर्षं हप्त्यात व्याजच जास्त असतं, काका. मुद्दलाला हात लागतो तो उशिरा. त्यात मधे दर वाढले. दर वाढले की आम्ही हप्ता वाढवत नाही, मुदत वाढवतो. लोकांना तेच बरं पडतं."

"मला कोणी सांगितलं नाही."

"पत्रं गेली असणार. चार-पाच तरी."

पत्रं आली होती. पारदर्शक खिडकीची पाकिटं. तो ती उभ्याउभ्याच फोडायचा, हप्त्याचा आकडा तोच आहे ना एवढं बघायचा, आणि सुटकेचा निःश्वास टाकून खणात सारायचा. खाली बारीक अक्षरात आणखी काय काय असायचं. बारीक काम करून दिवसभर डोळे शिणलेले, घरी पुन्हा बारीक अक्षर कोण वाचतो? बरं, अडाणी म्हणावं तर तोही नव्हता. अर्ध्या मिलिमीटरची चूक त्याला बोटाला कळायची. पण त्याने आयुष्यात एक गोष्ट धरून ठेवली होती, की वीस वर्षांतली दहा गेली म्हणजे अर्धी गेली. ह्यात चुकण्यासारखं काही असेल अशी शंकासुद्धा त्याला आली नव्हती.

"मग हप्ता अर्धा नाही होणार?"

"तेरा हजार? सध्या तुमचं महिन्याचं व्याजच एकोणीस हजार होतं. तेरा भरलेत तर कर्ज कमी नाही व्हायचं, वाढत जाईल."

"आम्ही आपले म्हणत होतो, हत्ती गेला आणि शेपूट राहिलं."

"शेपूट नाही, काका. अजून सोंडच आत आलीय," असं बाई बोलून गेल्या, आणि बोलल्यावर त्यांनीच तोंडावर हात धरला. "सॉरी. माझंपण चालू आहे. तीस वर्षांचं."

त्याला त्यांचा राग आला नाही. तो त्या हाताआड गेलेल्या दाताचाच विचार करत होता. "कशाने उडाला कोपरा?" त्याने विचारलं. बाटलीचं झाकण उघडताना, असं त्या म्हणाल्या. बसवून मिळतो, एका बैठकीचं काम, असं त्याने सांगितलं. "हप्ते संपले की बघू," त्या म्हणाल्या, आणि दोघं हसले. मग यंत्रातून एक कागद सरकत बाहेर आला आणि त्यांनी तो त्याच्या हातात दिला. गेलेले आणि यायचे मिळून दोनशे ब्याऐंशी हप्ते. तीस लाखांसाठी सव्वा त्र्याहत्तर. कागद अजून कोमट होता.

बाहेर भर दुपार होती आणि रस्ता चालत होता तसाच चालला होता, ह्याचं त्याला नवल वाटलं. एक माणूस गुडघ्यांवर बसून रस्त्यावरचे पांढरे पट्टे रंगवत होता, अर्धे ओले, अर्धे वाळलेले. इमारती उभ्या होत्या. इतक्या खिडक्या, आणि प्रत्येक खिडकीत वाळत घातलेले कपडे. आजवर हे सगळं त्याला लोकांचं वाटत आलं होतं. हे ह्यांचं घर, ते त्यांचं. आता त्याला वाटलं की इथे कोणाचंच काही नसावं, सगळे जण दुसऱ्याच्या घरात कपडे वाळत घालून कामाला गेले असावेत. घर पाहावं बांधून आणि लग्न पाहावं करून, असं म्हणतात. ही म्हण पहिल्यांदा ज्याच्या तोंडून निघाली त्याने दोन्ही कामं रोखीत केली असणार. खिशातला फोन वाजला. तिचा होता.

"सांगून टाकलं!" बायको म्हणाली. तिच्या आवाजामागे वीस-पंचवीस आवाजांचा गुणगुणाट होता, नेहमीचा. कपडे धुण्याच्या यंत्रांच्या कंपनीत ती तक्रारींचे फोन घ्यायची. पाणी जात नाही, यंत्र नाचतं, नवा शर्ट फाटला. आठ तास लोकांनी ओरडायचं आणि तिने 'आपली गैरसोय झाली त्याबद्दल दिलगीर आहोत' म्हणायचं. "राजीनामा दिला रे! सुपरवायझरबाई बघतच राहिल्या. म्हणाल्या, आज घरी जा, पाच वाजता फोन करते, तोवर मन बदललं तर सांग, नाहीतर कागद वर पाठवते. मन कसलं बदलतंय! निघालेच मी. तुझं झालं बँकेतलं काम?"

"झालं," तो म्हणाला. एका अर्थी झालंच होतं.

लॅबला परत जायला हवं होतं. दोन वरच्या कवळ्या मेणात उभ्या होत्या. पण पाय घराकडे वळले, आणि त्याने त्यांना वळू दिलं. दहा वर्षांत कामाच्या दिवशी, दुपारी दीडला, तो कधी जिना चढला नव्हता. जिन्याला दुपारचा वेगळाच वास होता, कोणाच्या तरी इस्त्रीचा, कोणाच्या तरी झोपेचा. तिसऱ्या मजल्यावर त्याने कुलूप काढलं आणि दार ढकलून तो उंबऱ्यातच उभा राहिला. समोर फरशा पसरल्या होत्या. दीड फुटी, फिकट राखी. घरात राहायला आल्या दिवशी तिने फडका मारता मारता त्या मोजल्या होत्या. दोनशे छत्तीस अख्ख्या, आणि कडेचे तुकडे जोडून चार. "दोनशे चाळीस!" ती ओरडली होती, "बघ, घरानेच हिशेब करून ठेवलाय." हप्ते दोनशे चाळीस, फरशा दोनशे चाळीस. त्या दिवसापासून खेळ सुरू झाला. एक तारखेला हप्ता गेल्याचा संदेश आला की ती नखांना लावायच्या लाल रंगाची बाटली काढायची, दारापासून मोजत यायची, गुडघ्यावर बसायची आणि पुढच्या फरशीच्या कोपऱ्यात मोहरीएवढा ठिपका द्यायची. "ही आपली," असं म्हणायची. पहिल्या वर्षी पाहुणा आला की त्याला दारातच खुर्ची टाकून द्यायची, "इथेच बसा, एवढंच आमचं आहे, पुढे बँक राहते." भांडण झालं की त्याची उशी बिनठिपक्यांच्या बाजूला फेकायची, "जा, झोप तुझ्या बँकेत." आणि तो खरोखर जाऊन झोपायचा, आणि हसू दाबताना दोघांच्याही पोटात दुखायचं.

खेळ होता, पण नुसता खेळ नव्हता. त्या ठिपक्यांवर दोघांनी आयुष्य टेकवून ठेवलं होतं. त्याच्या पगारात घर चालायचं, तिचा सगळाच्या सगळा हप्त्यात जायचा. ठरलं होतं असं, की ठिपके आतल्या खोलीच्या उंबऱ्याला टेकले, एकशेविसाव्या फरशीला, की अर्धं घर आपलं. मग हप्ता अर्धा करून घ्यायचा, तेवढा त्याच्या पगारात ओढूनताणून बसवायचा, आणि तिने नोकरी सोडायची. नोकरी सोडून काय करणार, असं त्याने एकदा विचारलं होतं. वाटलं होतं, शिवणकाम म्हणेल, शिकवण्या म्हणेल. "मला एकदा बघायचंय," ती म्हणाली होती, "आपल्या घरात दुपारी ऊन कुठवर येतं." सुट्टीच्या दिवशी बघ की, तो म्हणाला होता. सुट्टीच्या दिवशी दुपार कुठे असते, सुट्टीच्या दिवशी कामं असतात, असं ती म्हणाली. ते खरंच होतं. पुढे ढकललेल्या गोष्टी आणखीही होत्या. तिसऱ्या माणसाचा विषय, थोडे हप्ते उरकू देत, थोडे उरकू देत म्हणत दोघांनी इतका पुढे ढकलला, की एके दिवशी तो विषय आपण होऊनच उठून गेला. त्याबद्दल ती दोघं कधी बोलली नाहीत.

बूट हातात घेऊन तो आत आला. दारापासून फरशा मोजू लागला. तीस लाखांतले सहा लाख साठ हजार फिटले म्हणजे शंभरातले बावीस. दोनशे चाळिसाला बावीस टक्के म्हणजे त्रेपन्न. त्रेपन्नावी फरशी सोफ्याच्या पुढच्या पायाखाली निघाली. तिथे तो थांबला. पुढच्या फरशांवरही लाल ठिपके होते, ओळीने, नीट, जुने पुसटलेले आणि नवे चकचकीत, थेट आतल्या खोलीच्या उंबऱ्याच्या एक फरशी अलीकडेपर्यंत. पण ते सहासष्ट ठिपके आता त्याला दुसऱ्याच्या भिंतीवर पोरांनी लिहिलेल्या नावांसारखे दिसले. त्यांच्यावर पाऊल टाकताना त्याने नकळत आवाज होणार नाही ह्याची काळजी घेतली, मालक बाहेरगावी गेलेल्या घरात शिरावं तशी. एकशेवीसच्या पुढे ठिपके नसलेल्या फरशा होत्या, त्या आतल्या खोलीतून गॅलरीपर्यंत जात होत्या, आणि गॅलरीच्या कठड्यापाशी घर संपत होतं. दोनशे चाळीस तिथे. पण हप्ते दोनशे ब्याऐंशी. मग पुढच्या बेचाळीस फरशा कुठे? तो कठड्याला टेकून उभा राहिला. डोळे जड झाले होते. त्याला त्या दिसल्या. कठड्याबाहेर हवेत, एकापुढे एक, फिकट राखी, रस्त्यावरून, तारांवरून, पट्टे रंगवणाऱ्या माणसाच्या डोक्यावरून पलीकडच्या इमारतीकडे चाललेल्या. दीड फुटी बेचाळीस म्हणजे त्रेसष्ट फूट, बरोबर पलीकडच्या गच्चीपर्यंत पोचत होत्या. आणि त्यांच्यावरून एक बासष्ट वर्षांचा माणूस, शेवटच्या हप्त्याच्या वयाचा तो स्वतःच, लाल रंगाची बाटली घेऊन जपून चालला होता, वाकत होता, ठिपका देत होता, उठताना गुडघ्यावर हात टेकत होता. ही आपली, ही आपली. खाली कोणी मान वर करून बघत नव्हतं. त्याला भीती अशी वाटली नाही. त्या म्हाताऱ्याची कीव आली, आणि इतक्या उंचावरही तो दर फरशीच्या बरोब्बर कोपऱ्यातच ठिपका देतोय ह्याचं कौतुक वाटलं.

आत येऊन तो भिंतीला पाठ लावून खाली बसला. डोक्यावर खिळा होता. घरात खिळे फार होते, जरुरीपेक्षा फार. लहानपणी त्याने सात घरं बदलली होती, सातही भाड्याची. बाबा भिंतीला खिळा मारू द्यायचे नाहीत. दुसऱ्याची भिंत आहे, म्हणायचे. घर सोडताना मालक भिंतीवरून तळहात फिरवायचा, भोक सापडलं तर अनामतीतून पैसे कापायचा. म्हणून कॅलेंडर खिडकीच्या गजाला, आरसा कपाटाला टेकवलेला, कपडे दोरीवर. शाळेत त्याला घराचं चित्र काढायला सांगितलं, तर त्याने भिंती रिकाम्याच ठेवल्या आणि बाईंनी विचारलं, ह्या घरात कोणी राहत नाही का? हे घर घेतलं त्या दिवशी त्याने हातोडी आणली आणि टांगायला काही नसताना अकरा खिळे मारले. भिंत हादरताना अंगात जे काही झालं ते त्याने बायकोलाही सांगितलं नाही. बाबा बघायला आले. भिंतींकडे बघत बराच वेळ बसले. "एवढे कशाला?" म्हणाले. मग उठून त्यांनी आपली कापडी पिशवी एका खिळ्याला अडकवली, आणि राहिले ते आठ दिवस ती तिथेच ठेवली, आतली वस्तू लागली तरी उभं राहून काढायचे. दोन वर्षांनी ते गेले. हे घर सोडायची कल्पना जरी मनात आली तरी त्याला आधी ती पिशवी दिसायची, म्हणून ती कल्पना तो मनात येऊच द्यायचा नाही.

पण आज मनात दुसरंच काहीतरी घुसत होतं. लॅबमधल्या त्याच्या फळीवर, मागच्या बाजूला, तिच्या दातांचे तीन साचे होते. पहिला लग्नानंतरचा, हौसेने घेतलेला. तेव्हा तिच्या दाढांवर उंचवटे होते, खळगे होते, बोट फिरवलं तर टोचेल अशा कडा होत्या. दुसरा हप्ते सुरू होऊन चार वर्षांनी. ती झोपेत दात खायला लागली होती, तिला सकाळी जबडा उघडायला त्रास व्हायचा, म्हणून रात्री दातांवर बसवायची पट्टी करून देण्यासाठी घेतलेला. तिसरा गेल्या वर्षीचा, कारण पहिली पट्टी तिने चावून चावून आरपार केली. तिसऱ्यात दाढा सपाट होत्या. कारागिराच्या नजरेने त्याने ते मापलं होतं, दीड मिलिमीटर. नवी पट्टी जाड केली, कडा गोल केल्या, काम चांगलं झालं म्हणून खूशही झाला. दीड मिलिमीटर कुठे गेलं, हे त्याने विचारलं नव्हतं. दिवसभर लोकांना सॉरी म्हणायचं आणि रात्री ते सगळं दाढेखाली दळायचं. आपलेच दात, आपलेच ओठ, तक्रार कुठे नोंदवणार? खिशातल्या कागदावर सव्वा त्र्याहत्तर लाख लिहिले होते, ते पूर्ण नव्हते. त्यात हे दीड मिलिमीटर धरलेलं नव्हतं. पुढच्या एकशेबासष्ट महिन्यांत आणखी किती जाईल, ह्याचा त्याला अंदाज होता. त्याच्याइतका अंदाज कोणालाच नसेल.

किल्ली फिरली. ती आत आली, केस विस्कटलेले, हातात ऑफिसच्या टेबलावरचं सगळं भरलेली पिशवी, आणि त्याला बघून दचकली. "तू? बरं नाही का?" मग उत्तराची वाट न बघता आतल्या खोलीकडे गेली आणि उंबऱ्यात थबकली. ऊन गॅलरीतून आत आलं होतं, पलंगाला वळसा घालून, जमिनीवरून, बरोबर उंबऱ्याच्या एक वीत अलीकडे येऊन थांबलं होतं. चपला काढून तिने एक पाय उन्हात ठेवला. मग दुसरा. "इथवर येतं," ती म्हणाली. "अरे, इथवर येतं!" आणि वळून, कपाटातून लाल बाटली घेऊन, गुडघ्यावर बसली. एकशेविसावी फरशी तिच्यासमोर होती. "ये ना. आजचा तू दे."

त्याला गप्प बसता आलं असतं. दहा वर्षं पाकिटं खणात सारणाऱ्या माणसाला आणखी एक कागद सारणं जड नव्हतं. पण ती वर बघत होती, आणि तिचा जबडा त्याला दिसत होता.

"नको देऊस," तो म्हणाला. तिच्या शेजारी खाली बसला आणि कागद उलगडून तिच्यापुढे ठेवला. बाईंनी जे सांगितलं ते त्याने सगळं सांगितलं. त्रेपन्न सांगितले. एकशेबासष्ट सांगितले. पत्रांचंही सांगितलं, की आली होती, आणि आपणच खणात टाकली. "चूक माझी आहे," असं तो दोनदा म्हणाला.

ती ओरडली असती तर त्याला बरं वाटलं असतं. तिने बाटलीचं झाकण घट्ट लावलं. "म्हणजे मी अठ्ठावन्न-एकोणसाठची होईपर्यंत," ती म्हणाली, स्वतःशीच. मग कागद उचलून पुन्हा वाचला, उन्हात धरून. "तुझ्या पगारात नाहीच ना बसत?"

"नाही."

"आणि घर नाही ना सोडायचं तुला."

त्याने मान वर करून भिंतीवरच्या खिळ्यांकडे बघितलं. तिने तेच उत्तर म्हणून घेतलं, आणि तिला ते आधीपासून ठाऊक होतं. "बरं," ती म्हणाली, आणि त्याला एकदम तो आवाज ओळखू आला. तिचा ऑफिसचा आवाज, मऊ, कुठेही न अडखळणारा, आपली गैरसोय झाली त्याबद्दल. "पाचला फोन येईल त्यांचा. सांगते की राहते. काही बिघडत नाही, अजून कागद वर गेलेला नाही. फोन वाजला की उठव मला." मग उंबऱ्याच्या आत, उन्हाच्या तुकड्यात, फरशीवरच ती कुशीवर झाली, हाताची उशी करून. "तोवर जरा पडते. किती वर्षांनी दुपारची पडतेय." पाच मिनिटांत तिला झोप लागली.

तो तिच्यापाशी बसून राहिला. घरात कसलाच आवाज नव्हता. खालच्या रस्त्यावरून कोणीतरी गेलं, एक गाडी मागे घेताना पिपाणी वाजत राहिली. ऊन हळूहळू सरकत होतं, तिच्या खांद्यावरून दंडावर, दंडावरून फरशीवर. मग त्याचं लक्ष गेलं की तिचं तोंड थोडं उघडं आहे. वरचे आणि खालचे दात एकमेकांना लागत नव्हते. मधे दोन-तीन मिलिमीटर अंतर होतं, जबडा सैल पडला की राहतं तेवढं, आणि त्या अंतरातून श्वास येत-जात होता. लोकांच्या तोंडात नेमकं हेच अंतर राहावं म्हणून तो सव्वीस वर्षं मेणाच्या पट्ट्या तापवत आला होता. घर गेलं तर काय होईल, हे त्याने पहिल्यांदा शेवटपर्यंत नेऊन बघितलं. विकायचं. बँकेचे तेवीस-चाळीस टाकायचे. जे उरेल ते उरेल. दोन खोल्या भाड्याने, कॅलेंडर खिडकीच्या गजाला. सोडताना मालक भिंतीवरून हात फिरवेल, फिरवू दे. बाबांनी सात घरं सोडली, आणि कुठल्याच घरात आई झोपेत दात खात होती असं त्याला आठवेना. ह्या विचाराने त्याला धीर आला, असं मात्र नाही. एकोणपन्नासाव्या वर्षी माणूस पुन्हा सामान बांधतो म्हणजे काय, हे ज्याने लहानपणी बांधलंय त्यालाच कळतं.

पाचला दोन मिनिटं असताना तिचा फोन वाजला. त्याने तो पहिल्या घंटेलाच उचलला आणि उंबऱ्याबाहेर आला.

"मॅडम आहेत का? मी ऑफिसमधून बोलतेय. सुपरवायझर."

"ती झोपलीय. मी तिचा नवरा."

"अय्या, झोपल्यात? ह्या वेळेला?" पलीकडची बाई हसली, चांगल्या मनाने. "उठवता का जरा? राजीनाम्याचं विचारायचं होतं. थांबवून ठेवू का वर पाठवू? खरं सांगू, ठेवला तर आम्हालाच हवं आहे. इतकं गोड बोलणारं दुसरं कोणी नाही हो आमच्याकडे."

"माहितेय," तो म्हणाला. त्याने वळून आत बघितलं. ती हलली नव्हती. "पाठवा तुम्ही वर."

"तरी पण एकदा त्यांच्याशीच..."

"पाठवा."

"बरं. पण नियमाप्रमाणे एक महिना यावं लागेल हं त्यांना."

"एक महिना येईल ती," तो म्हणाला. "एकशेबासष्ट नाही."

"काय म्हणालात?"

"काही नाही. पाठवा वर." त्याने फोन बंद केला. मग तो सोफ्यावर ठेवला.

"आला का रे फोन?" आतून झोपेतल्या जड आवाजात ती म्हणाली, डोळे मिटलेलेच.

"येऊन गेला," तो म्हणाला, आणि तिच्याजवळ जाऊन बसला. "नोकरी सुटली तुझी. घर विकायचं कसं ते संध्याकाळी बोलू. आत्ता झोप."